नोहाच्या बायकोच्या सख्या

संत लूकचा दिवस, प्रभूचे वर्ष १३३४

काल माझं मर्तिक झालं आणि आज सकाळी मी पोटभर जेवले. असं भाग्य किती जणींना लाभतं?

बिशपसाहेबांचा माणूस मुद्दाम आला होता. मला चर्चमध्ये फरशीवर पालथं निजवून त्याने मृतांची प्रार्थना म्हटली, अंगावर मूठभर माती टाकली, आणि मग सगळ्यांनी गात गात मला या खोलीत आणून सोडलं. देवाच्या ध्यानात जन्मभर इथे कोंडून राहायची मी शपथ घेतली, आणि गवंड्याने दार दगडांनी चिणलं. सांध्यावर बिशपसाहेबांची मोहोर बसली. ती फोडून बाहेर पडणाऱ्या बाईला धर्मात जागा नाही. मेल्यावरही मी इथेच असणार, कारण कोपऱ्यात माझी कबर अर्धवट खणून तयार आहे. रोज हाताने थोडी माती उकरायची, म्हणजे मरणाचा विसर पडत नाही.

लोक डोळे पुसत होते, मला मात्र आनंदाच्या उकळ्या फुटत होत्या. सहा भावांचे सदरे धुता धुता माझी पस्तिशी उलटली. आता स्वतःची खोली, स्वतःचं मेज, आणि साऱ्या ऑर्नविक गावाने मला माई म्हणायचं. सुटले बाई एकदाची!

खोली चर्चच्या भिंतीला चिकटून आहे, समुद्राच्या अंगाला. तीन खिडक्या. एक चर्चमध्ये उघडते, तिच्यातून वेदी दिसते. माझं डोकंही तिच्यातून जाणार नाही, पण मांजराला पुरते. दुसरी डायोटच्या चुलीकडे. डायोट माझी मोलकरीण, नाकी डोळी नीटस, जिभेला हाड नाही. तिसरी खिडकी रस्त्यावर, तिच्यावर काळा कपडा आणि कपड्यावर पांढरा क्रूस. कुणाला सल्ला हवा असेल, मन मोकळं करायचं असेल, त्याने कपड्याआडून बोलावं. कपडा वर करायचा नाही, असा नियम आहे. मांजर पाळायची तेवढी परवानगी आहे, म्हणून टिब आहे.

आणि काम आहे. माझ्याआधी इथे हॉइसबाई होत्या, आता याच जमिनीखाली आहेत. जगाच्या उत्पत्तीपासून शेवटच्या न्यायाच्या दिवसापर्यंतची सारी पवित्र कथा आपल्या साध्या इंग्रजीत, यमक जुळवून रचायची, हे त्यांनी घेतलेलं व्रत. वॉरिन पाद्रीबुवा ती दर रविवारी वाचून दाखवतात. लॅटिनला घोरणारे लोक या ओव्यांना चिखल तुडवत येतात. हॉइसबाई जगबुडीपर्यंत, नोहाच्या तारवापर्यंत आल्या. तारू बांधून झालं, जनावरं चढली, आणि दार बंद होण्याच्या ओळीआधी लेखणी थांबली ती थांबलीच. कित्येक वर्षं त्या पुढे सरकल्या नाहीत. म्हातारपण, दुसरं काय! मी पाद्रीबुवांना म्हटलं, नाताळच्या आत तारू डोंगराला टेकवून दाखवते.

ते हसले. लिहायच्या कातड्याचे उरलेसुरले तुकडे त्यांनी मला दिले आणि सांगितलं, रोज मनाचा केर काढून यावर टाकत जा, पापाच्या कबुलीच्या वेळी कामाला येईल. म्हणून हे लिहिते आहे.

संत सायमन आणि संत ज्यूड यांचा दिवस

दिवस कसे छान मार्गी लागले. पहाटे प्रार्थना, मग माती, मग ओव्या. दुपारी डायोट वाटाण्याची पेज सरकवते आणि गावच्या बातम्या तोंडी लावायला देते.

कपड्याआड बायका येतात. तीन जणी तर रोजच्या झाल्यात. गनिल्ड, आल्दिथ आणि सॅबिन. चेहरे कधी दिसायचे नाहीत, पण आवाजावरून ओळखते. गनिल्डचा घोगरा, आल्दिथ प्रत्येक वाक्याला हसते, सॅबिन बोलते कमी आणि खोकते फार. ओव्या कुठवर आल्या, हे त्यांना आधी हवं असतं. काल नोहाच्या बायकोवरून अशी काही धमाल उडाली की मी तोंडात बाही कोंबली. गनिल्ड म्हणाली, अगं माई, बाप्या वर्षानुवर्षं तारू तासत बसला, तर घरात चुलीला लाकूड कुणी आणलं ते लिही की! आल्दिथ म्हणाली, आणि तारवात शेण कुणी काढलं? वाघाचं, हत्तीचं? नोहा तर प्रार्थना करत असणार!

मी ते सगळं यमकात बसवलं.

मग सॅबिनने विचारलं, नोहाच्या बायकोला सख्या नव्हत्या का गं? शेजारीणपाजारीण? त्यांचं काय झालं? मी म्हटलं, शास्त्रात तसं काही दिलेलं नाही. त्यावर कुणी हसलं नाही. गनिल्ड म्हणाली, हॉइसपण असंच म्हणायची.

सर्व मृतांचा दिवस

काल सर्व संतांच्या सणाला माझ्या ओव्या वाचल्या गेल्या. शेणाच्या ओळीला लोक हसून हसून लोळले. मी खिडकीला डोळा लावून पाहत होते आणि मला गर्वाने गुदगुल्या होत होत्या. पाद्रीबुवा, हे वाचाल तेव्हा प्रायश्चित्त जरा हलकं द्या.

वाऱ्याची दिशा फिरली आहे. समुद्र इथून एका शेताच्या अंतरावर आहे. डायोट म्हणते, तिच्या लहानपणी तीन शेतांवर होता. त्याच्याही आधी खाली एक अख्खं गाव होतं, खालचं ऑर्नविक, चर्चसकट. ते गिळून झालं. मी विचारलं, माणसं? ती म्हणाली, माणसं वर आली माई, आम्हीच ती. आणि पेजेचं भांडं न घेताच गेली.

सख्यांनी आज शिंपल्यांचा वाडगा दिला. कपड्याखालून सरकवला. गारेगार, मिठाळ, इतके ताजे शिंपले मी जन्मात खाल्ले नाहीत. डायोटला दिले तर तिने हात मागे घेतला. कुठून आणले म्हणे, कड्यावरून खाली जायची वाट संत मायकेलच्या सणाला झालेल्या वादळात ढासळली, तेव्हापासून किनाऱ्यावर कुणी उतरलेलं नाही. मी म्हटलं, असेल दुसरी वाट. टिबनेही शिंपल्यांना तोंड लावलं नाही. मासळीवर टपलेली असते मेली, आज मेजाखाली बसून राहिली.

कपड्याची खालची कड ओली आहे. वाळेल तशी पांढरी होते.

संत मार्टिनच्या सणाचा आदला दिवस

दाराची ओळ जमत नाही.

ओळ सोपी आहे. सगळे आत गेले आणि देवाने बाहेरून दार लावलं. शास्त्रात तेवढंच आहे. पण लिहायला बसलं की माझं लक्ष आत जातच नाही, बाहेर राहतं. पाणी घोट्याला लागलेलं, आणि शेजारीण दारावर थाप मारते आहे. आतून नोहाच्या बायकोला तो आवाज ओळखू येत नसेल का? ज्यांच्या चुलीवरून विस्तव आणला, ज्यांच्या बाळंतपणात रात्री जागवल्या, त्यांचा?

सख्यांना हे बोलून दाखवलं. आल्दिथचं हसू बंद झालं. सॅबिन म्हणाली, माई, तू त्यांना आत घे ना. नुसती एक ओळ. तुझ्या हातात आहे. तिचा आवाज असा होता, की माझ्या डोळ्यांना धार लागली.

एवढ्याशा ओळीने देवाचं काय जातं? मी लिहिली:

नोहाची बायको उंबऱ्यात अडली,
माझ्या सख्यांवाचून कशी नाव भरली?
गनिल्ड ये गं, आल्दिथ ये गं, सॅबिन धर हात,
दार नुसतं लोटलंय, कडी नाही आत.

नावं त्यांचीच घातली, गंमत म्हणून. त्यांना वाचून दाखवलं. मग गनिल्ड म्हणाली, आमची नावं आजवर कुणी चर्चमध्ये घेतली नाहीत.

इतकं चांगलं मी आजवर काही लिहिलेलं नाही. पाद्रीबुवांना आधी वाचून बघायला सवड झाली नाही. माझ्यावर विश्वास आहे, म्हणाले.

संत मार्टिननंतरचा रविवार

काय घडलं तेच कळत नाही.

पाद्रीबुवांनी ओळी वाचल्या. नोहाची बायको अडते, तिथे लोक हसायला लागले होते. मग नावं आली. पहिल्या नावाला हसू थांबलं. तिसऱ्या नावाला एक म्हातारी उठली आणि कानांवर हात ठेवून बाहेर गेली. पाद्रीबुवांनी पुढची ओळ वाचलीच नाही. सगळं चर्च माझ्या खिडकीकडे बघत होतं. माझ्याकडे नव्हे, खिडकीकडे.

नंतर ते खिडकीशी आले, चेहरा मेणासारखा. ही नावं तुला कुणी सांगितली? मी म्हटलं, कुणी कशाला सांगायला हवीत, तुमच्याच गावच्या बायका, रोज येतात. ते म्हणाले, या नावाची बाई ऑर्नविकमध्ये नाही. कुणी पोरीचं तसं नाव ठेवतही नाही.

मग सांगितलं. सांगताना माझ्याकडे बघत नव्हते. त्यांच्या आजीच्या काळी समुद्र गावात शिरला, तेव्हा खालच्या ऑर्नविकचे लोक उंचावरच्या याच चर्चमध्ये पळाले. या तिघी घरोघरी जाऊन झोपलेल्यांना उठवत होत्या. सगळ्यांना उठवून पुढे घातलं, म्हणून त्या मागे राहिल्या. त्या पोचेपर्यंत पाणी पायऱ्यांना लागलं होतं आणि आतल्यांनी दाराला अडसर घातला होता. त्या ठोठावत राहिल्या. दार उघडलं तर पाणी आत येईल, असं सगळे म्हणाले. सकाळी ओहोटी लागली तेव्हा आतले सगळे जिवंत होते.

आम्ही त्या आतल्यांची नातवंडं, असं म्हणाले.

मी विचारलं, किती वेळ ठोठावत होत्या? ते वेदीकडे वळले.

सोमवार

डायोटला खिडकीशी बसवून घेतलं. रडत रडत बोलली. ही खोली नव्हती, तेव्हा वारा समुद्राकडून आला की गावातल्या एकेका दारावर थापा पडायच्या. रात्री नाही, दिवसाढवळ्या, जेवणाच्या वेळी. लोक दारांना कपाटं लावून बसायचे. मग तेव्हाच्या पाद्र्याने समुद्राच्या अंगाला ही खोली बांधली आणि तिच्यात एक पुण्यवान बाई बसवली. तेव्हापासून त्या इथेच येतात, या खिडकीशी. त्यांना कुणीतरी ओ देणारं हवं होतं.

तुम्ही आहात म्हणून आम्ही घरात निवांत जेवतो, माई. असं म्हणून तिने माझा हात डोळ्यांना लावला. आभार मानत होती पोरगी. मनापासून.

आणि मला वाटलं होतं, मला माझ्या गुणांसाठी निवडलं.

संत कॅथरीनचा दिवस

त्या आल्या. मी ओ दिली नाही. उशी कानांवर धरली तरी ऐकू येतं.

गनिल्ड म्हणाली, माई, रागावलीस का? आल्दिथ म्हणाली, सांगितलं वाटतं कुणीतरी. मग सॅबिन म्हणाली, आमच्यात काही बदल नाही गं, कालच्याच आहोत. तू बोलावलंस ना? चर्चमध्ये, सगळ्यांसमोर. आता कुठून येऊ ते सांग.

कपडा आत फुगला. वारा पडलेला होता.

टिब चर्चच्या खिडकीत जाऊन बसली आहे, खाली उतरत नाही. माती उकरली तर बोटं ओली झाली. कबरीच्या तळाशी पाणी लागलं आहे. चाखून पाहिलं. खारट.

दुसऱ्या दिवशी

पाद्रीबुवांना सांगितलं, भिंत फोडा. पाया पडते, म्हटलं. ते म्हणाले, बिशपसाहेबांची मोहोर आहे अ‍ॅव्हिस, तू शपथ घेतलीस, तुझं मर्तिक झालं आहे. मेलेल्या बाईला मी बाहेर कसा काढू? मी म्हटलं, मग मेलेल्या बाईला भीती कशी वाटते?

वाईट माणूस नाही तो. मग हळूच म्हणाले, तू निघालीस तर तिथे कोण बसेल? त्या परत दारोदार फिरतील. घरांत तान्ही मुलं आहेत.

आणि म्हणाले, उपाय तुझ्याकडेच आहे. दाराची ओळ लिही. दार देवाने लावलं, माणसाने नाही. तेवढं त्यांच्या कानांवर पडलं की त्या जातील. हॉइसला किती विनवलं, तिने लिहिलं नाही. हट्टी होती.

हॉइसबाईंची लेखणी थांबली, त्याला मी म्हातारपण म्हणत होते! वर्षानुवर्षं त्या खिडकीशी एकटी बसली ती बाई. दार उघडता येईना, पण लावलंही नाही तिने.

मी हॉइस नाही. मला जगायचं आहे.

लिहिलं:

देवाने ओढले दार, देवाने घातली कडी,
बाहेर कोण राहिले, पुसू नये घडीघडी.

आगमनकाळाचा पहिला रविवार

वाचलं गेलं. लोक रडले, एकमेकांना मिठ्या मारल्या. आमेन असं म्हणाले की कौलं हलली. ती म्हातारीही होती, तिने दोन्ही हात वर केले होते. पिढ्यांचं ओझं उतरलं त्यांचं. डायोटने अंडी घालून पोळी केली.

खिडकी गप्प आहे.

संत निकोलसचा दिवस

अजून गप्प. कपडा कोरडा.

मला हायसं वाटायला हवं. वाटत नाही. दुपारी मीच हाक मारली. गनिल्ड, म्हटलं. आल्दिथ. उत्तर नाही. सॅबिनचा खोकला तरी यावा म्हणून कान देऊन बसले. माझी लाज वाटते मला. त्यांनी माझ्याकडे एक ओळ मागितली होती, आणि मी दिलेली ओळ परत घेतली.

कबरीतलं पाणी मात्र चढतं आहे. डायोट म्हणते, पावसाचं असेल. पाऊस नाही.

संत लूसीचा दिवस

सकाळपासून वारा समुद्राकडून. भिंत थरथरते. डायोट सांगून गेली, उरलेलं शेत गेलं —

घंटा वाजते आहे. सगळं गाव चर्चमध्ये. पोरं, शेरडं, म्हातारी. माझ्या खिडकीतून दिसतात, हाताच्या अंतरावर. पाणी माझ्या घोट्याला लागलं आहे, ते कबरीतून येतंय, जमिनीतून —

दुपार

ओरडले, भिंत फोडा. पाद्रीबुवांना ऐकू गेलं. गवंडी तिथेच आहे, तोच, त्याने पहार उचललीसुद्धा. मग कुणीतरी म्हणालं — तिच्याकडचं पाणी आत येईल. तिची भिंत फोडली तर पाणी आत —

पहार खाली ठेवली.

डायोट म्हणाली, नका रागावू माई, तुम्ही देवाच्या हातात आहात. तिची चूल विझली. ती आत गेली. चर्चच्या दाराला अडसर घातल्याचा आवाज मी ऐकला.

मेजावर उभी आहे. कातडं खिडकीच्या कठड्यावर धरून लिहिते. टिबने उडी मारून चर्चमध्ये आसरा घेतला. घेतलं तिला. कुणीतरी शालीत गुंडाळलं.

माझ्या खिडकीला फळी ठोकताहेत. आतून. पाणी येऊ नये म्हणून. पाद्रीबुवा रडताहेत आणि फळी धरून उभे आहेत —

अंधार. फटीतून थोडा उजेड. ते गाताहेत. माझीच ओळ. देवाने ओढले दार, देवाने —

देवाने नाही. हात होते. मी पाहिले, ओळखीचे —

कमरेला. थंडी अशी की —

रस्त्याच्या खिडकीशी खोकला. सॅबिन. आल्या. मी म्हटलं, माफ करा गं. गनिल्ड म्हणते, असू दे, माई. घाबरतं माणूस. आम्हीपण फार घाबरलो होतो —

मी ठोठावते आहे. फळीवर. आत ऐकू जातं, गाणं मोठं करतात. एका बाईच्या हाताचा आवाज तो केवढा —

कपडा हलतो. हात आला आत. ओला. थंड नाही, म्हणजे माझाच आता तितका — सॅबिन म्हणते, सरक, आम्हाला जागा दे. चौघी मिळून ठोठावू. चौघींचा आवाज त्यांना ऐकावाच ला—